विहिरीला पाणी लागलं, तेव्हाचा सिनेमा

सर्व संबंधितांना अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की, उमरखेडात एक सिनेमा-दिग्दर्शक राहत असे. आता तो नाही, आणि तो होता हे मुंबईला अजून ठाऊक नाही.

पोटासाठी तो रेडिओ दुरुस्त करी आणि उरलेल्या जन्मात माहितीपट काढी. कुंभार, विणकर, बैलबाजार. नट नाही, गाणं नाही. प्रेक्षक म्हणजे शाळेतली पोरं आणि सक्तीने बसवलेले मास्तर. त्या मास्तरांतला एक मी.

बोलताना त्याचा उजवा हात हवेत किल्ली फिरवी. कॅमेरा किल्लीचा होता. एकदा भरली की जेमतेम अर्धा मिनिट चाले. "मास्तर, एकच डाव भेटते," हे त्याचं पालुपद.

फुलसावंगीत आमच्या शाळेमागे गाव श्रमदानानं विहीर खणत होतं. खणणाऱ्यांचा म्होरक्या ज्ञानबा. त्याला यानं शब्द दिला, "पाणी लागलं का तुमाले पडद्यावर दाखवतो, ज्ञानबाभाऊ." फिल्म उरली होती एका किल्लीपुरती. दुसरी मुंबईहून येईतो विहीर भरली असती. तीन दिवस हा काठावर कॅमेऱ्याला डोळा लावून बसला. मी चहा नेला तर मलाच दम, "सावली पाडू नका!"

चौथ्या दिवशी, टळटळीत दुपारी, ज्ञानबाची पहार खडकात घुसली आणि पाणी उसळलं. कॅमेरा घरघरला. आणि खालचे आठही जण ताठ उभे राहिले! छाती पुढे, हात मांडीला, श्वास बंद. त्यांना ठाऊक होता तो जत्रेतला फोटोवाला. त्याच्यापुढे हललं की तोंड पुसलं जातं.

"अरे नाचा! बोंबला! फोटो नोहे हा!" हा वरून किंचाळला.

ओठ न हलवता ज्ञानबा म्हणाला, "तू काढ नं भाऊ. आमी हालत नाही."

किल्ली संपली. हा मटकन खाली बसला. "गेलं मास्तर. सारं वाया गेलं."

फिल्म धुऊन यायला पावसाळा उलटला. तोवर ज्ञानबा तापानं गेला होता. त्याची बायको शेवंताबाई निरोपावर निरोप धाडी, "मले दाखव." हा टाळत राहिला. मला म्हणाला, "कायले दाखवू? लोक हासतीन. तिच्यासमोर हासतीन."

शेवटी ती एस.टी.नं उमरखेडला गेली आणि त्याच्या दुकानासमोर ठाण मांडून बसली. मग काय करतो? शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या लावून भरदुपारी खेळ ठेवला. सारं गाव आलं.

पडद्यावर आठ पुतळे. हलत होतं ते फक्त पाणी. आधी अंगठे बुडाले, मग घोटे. मागून हशा फुटला, मग सगळीकडून. मी आमच्या दिग्दर्शकाकडे पाहिलं. चेहरा पांढराफटक, बोट यंत्राच्या बटणावर. तेवढ्यात चित्र ज्ञानबावर सरकलं. हशा तुटला. हा बटण दाबून खेळ थांबवणार, तोच शेवंताबाई उठली आणि पडद्याकडे हात करून ओरडली,

"अहो, निंगा ना वर! पाणी चढून राह्यलं!"