नळ राहिला

मला आज चार ओळी नीट लिहिता येतात त्या विंडसरमधल्या माझ्या घरमालकीणबाईंमुळे. आमच्या घराण्यात पदवी घेणारा मी पहिलाच. तालुक्याच्या शाळेत शिकलेला मी कॅनडात आलो आणि त्यांच्या बेसमेंटमध्ये भाड्याने राहिलो. माझी प्रत्येक असाइनमेंट त्या पेन्सिल घेऊन वाचत आणि समासात लिहीत, ‘यात माणूस कुठे आहे?’

जर्मनीचे दोन देश होते तेव्हा त्या पूर्वेकडच्या, समाजवादी जर्मनीत पटकथा लिहीत. त्यांत पुढारी नसत. केळी आली म्हणून लागलेली रांग, कारखान्याची कॅन्टीन, दोन खोल्यांसाठी वर्षानुवर्षं ताटकळणारं जोडपं, एवढंच असे. ऐंशी ओलांडल्यावर त्या शेवटची पटकथा लिहीत होत्या आणि एका प्रसंगाशी अडल्या होत्या. स्वयंपाकघरात दोन बहिणी. धाकटी सांगते, तुझ्या खबरी सरकारला मीच देत होते. ती हे कोणत्या शब्दांत सांगते, ते कागदावर उतरत नव्हतं. त्यात विसरायला होऊ लागलेलं.

"तोंडी सांगते, तू लिहून घे," त्या म्हणाल्या.

मी वही घेऊन बसे. त्या उठत, सिंकचा नळ पूर्ण सोडत आणि माझ्याकडे झुकत.

"मॅडम, नळ राहिला."

"राहू दे."

"पाणी वाया जातंय."

"समोर एवढी नदी वाहतेय, ती बंद करून ये आधी! तुमच्याकडे पाणी सोन्याचं असतं का?"

"सोन्याचं नाही, टँकरचं."

आम्ही दोघंही हसत असू. मी नळ बंद करी आणि त्या गप्प होत. "उद्या बघू," म्हणत. असं कितीदा झालं. मग त्यांची मुलगी त्यांना कॅल्गरीला घेऊन गेली.

जाताना त्यांनी मला त्यांच्या एका जुन्या चित्रपटाची डिस्क दिली. तो मी पाहिला. नवऱ्याला काही सांगायचंय, तर बायको आधी नळ सोडते. शेजारीण येते, पुन्हा नळ. धूत कुणीच काही नाही. घराघरांत चोरून ऐकणारी यंत्रं असतील या भीतीने माणसं मनातलं बोलायची ती पाण्याच्या आवाजाआड.

तेव्हापासून वाहत्या नळाखाली मला दोन बायकांचे आवाज ऐकू येतात. शब्द कळत नाहीत. हात तोटीवर ठेवून मी तसाच उभा राहतो. त्या दोन बहिणींपैकी मॅडम कोण होत्या, खबरी देणारी की जिच्या खबरी गेल्या ती, तेही मला माहीत नाही.

त्यांची मुलगी फोनवर म्हणाली, आई हल्ली फारशी बोलत नाही. मी पत्र पाठवलं. इंग्रजीत लिहिलं होतं, ते साधारण असं:

‘मॅडम,

हे पत्र तुम्हाला स्वयंपाकघरात, नळ सोडून वाचून दाखवायला सांगितलं आहे. तुमचा चित्रपट पाहिला. आमच्याकडे नळाला पाणी आलं की माणसं बोलणं सोडून धावतात. तुमच्याकडे पाणी सोडल्यावरच बोलणं सुरू होई, हे माझ्या ध्यानात आलं नाही.

मी शनिवारी येतोय. वही आणतो. नळ तुम्ही सोडा. मी जागचा उठणार नाही.’