रुमालातली ओटी

देवी आहे की नाही, असा प्रश्न मला कधी पडला नाही. ती आपल्याकडे बघते का, एवढीच शंका होती. लग्नानंतर दर नवरात्रात अष्टमीला कर्णपुऱ्याच्या देवळात जाऊन मी तिची ओटी भरायचे आणि एकच मागायचे: माझ्या नवऱ्याचा हात आवर. मग प्रसादाचा नारळ घेऊन फुलंब्रीला परतायचे आणि पुन्हा मार खायचे. शेवटी मनगट मोडलं, तेव्हा भावानं मला पुंडलिकनगरला आपल्या घरी आणलं.

कोर्टात केस झाली. नवऱ्यानं माझ्या आसपास फिरकू नये आणि पोलिसांनी मला संरक्षण द्यावं, असा आदेश मिळाला. धीर यायला हवा होता, पण घरी येऊन मी रडले. देवीनं ऐकलं नाही म्हणून कोर्टाची पायरी चढावी लागली, असंच माझ्या मनात बसलं होतं.

यंदा अष्टमीला जाऊ नका, असं वहिनी सांगत होती. मी त्याच दिवशी जाते, हे नवऱ्याला ठाऊक होतं. पण मी हट्टालाच पेटले, तेव्हा भावानं ठाण्यात कळवलं आणि सकाळी एक महिला पोलीस दारात आली. चाळिशीची, सावळी, कमी बोलणारी. देवीच्या दारी पोलीस घेऊन जायचं म्हणजे मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. रिक्षातून उतरल्यावर मी मुद्दामच तिच्या पुढे चालत राहिले, आमचा संबंध नसल्यासारखी.

ओटीच्या दुकानांपाशी तो उभा होता. दाढी वाढलेली, डोळ्यांत पाणी. भर गर्दीत त्यानं हात जोडले. "चुकलो मी. देवीच्या दारात सांगतो, पुन्हा हात लावणार नाय. घरी चल."

येणाऱ्याजाणाऱ्या बायका थांबल्या. देवीसमोर माफी मागणाऱ्याला रिकामं पाठवू नये, असं एका म्हातारीनं मला समजावलं. मला भरून आलं. इतकी वर्षं मागितलं ते आईनं आज दिलं, असं वाटलं आणि मी एक पाऊल पुढे टाकलंसुद्धा.

तेवढ्यात ती पोलीस बाई आमच्या दोघांच्या मध्ये येऊन उभी राहिली.

"ताई, माफ करायचं तर इथूनच करा," ती मला म्हणाली. "माफीसाठी घरी जायची काय गरज हाय?"

त्याला तिनं कोर्टाचा आदेश ऐकवला आणि मागं व्हायला सांगितलं. त्याच्या डोळ्यांतलं पाणी तसंच होतं, पण चेहरा बदलला. तो चेहरा मी चांगला ओळखत होते. "हिला किती दिस सांभाळताल?" असं दात आवळून म्हणत तो माझं तेच मोडलेलं मनगट धरायला पुढे आला. त्याचा हात तिनं मधेच धरला. बंदोबस्तावरचे पोलीस धावत आले आणि त्याला घेऊन गेले.

गाभाऱ्यात उभी राहिले तर मागायला काही सुचेना. त्याचा हात आवर, हेच तर मी मागत आले होते. तो आज माझ्या डोळ्यांदेखत आवरला गेला होता. मी मनात ठरवून ठेवलं होतं तसा नाही, इतकंच.

पुजाऱ्यांनी परत दिलेला खण-नारळ आणि थोडे तांदूळ घेऊन मी बाहेर आले आणि त्या पोलीस बाईपुढे धरले. ती संकोचून मागे सरकली.

"आमच्या वर्दीला पदर कुठं हाय?" ती हसली. मग हळूच म्हणाली, "आन् मालक वारले माझे. माझी ओटी भरत नायत, ताई."

"देवीची भरताना तिचा मालक कोण विचारतं?"

मग खिशातला रुमाल काढून तिनं दोन्ही हातांवर पसरला. मी ओटी भरली आणि वाकून नमस्कार केला. कुणी बघतंय का, याची लाज त्या वेळी वाटली नाही.

शरण जाणं म्हणजे सोसत राहणं, असं मी समजून चालले होते. आईनं धाडलेलं माणूस दारात आलं की त्याला आपलं म्हणणं, हेही शरण जाणंच आहे, हे त्या दिवशी उमगलं. रिक्षाकडे परतताना मी तिच्या शेजारून चालले.