मशीन बरोबर आहे

तिला सगळे चष्मेवाली म्हणत. खरं तर तो चष्मा नव्हे. डोळ्यांवर बांधायचा चांगला वजनदार डबा तो. आत दोन भिंगं, बाहेर चार कॅमेरे, आणि हातांत धरायला दोन मुठी. पण डोळ्यांवर चढतं ते सगळं लोकांच्या लेखी चष्माच. ती ज्या दुकानात कामाला होती तिथून हे चष्मे आठवड्याच्या बोलीवर भाड्याने घरोघर जात, आणि मागोमाग ती जाई. खेळ चढवून द्यायचे, खोलीत कुठवर हात-पाय हलवायचे त्याची हद्द आखून द्यायची, आणि चार दिवसांनी फोन आला की पुन्हा जायचं.

फोनवर कोणीही असो, वाक्य ठरलेलं. "अहो ताई, मशीन बिघडलंय." तिचंही उत्तर ठरलेलं. "मशीन बरोबर आहे. खोली दाखवा." यात थोडा तोरा होता, नाही असं नाही, पण दहापैकी नऊ वेळा तीच खरी निघायची. कोणाच्या भिंतीवर हा एवढा आरसा असायचा आणि कॅमेरे त्यात गोंधळायचे. कोणी सगळे पडदे लावून अंधारात बसायचं, कोणी खिडकीशी भर उन्हात. एका आजोबांनी समोर समुद्र दिसताच चपला काढून हातात घेतल्या होत्या, मग मुठी धरायला हातच उरले नाहीत. एका गृहस्थांनी खेळाच्या भरात पंख्याला गुद्दा हाणला आणि वर तिलाच जाब विचारला, "खेळात पंखा दाखवता येत नाही होय?" ती वाद घालायची नाही. आरसा चादरीने झाकायची, पडदा अर्धा ओढायची, दिवा लावायची किंवा मालवायची, आणि खेळ सुरू करून द्यायची. लोक म्हणत, हिच्या हाताला गुण आहे. गुण कसला डोंबलाचा, नुसती सवय.

तिची आणखी एक सवय होती. हातांच्या खेळात 'मदत' नावाची एक पट्टी असते, शून्यापासून दहापर्यंत. पट्टी दहावर ठेवली की माणसाने हात वीतभर हलवला तरी खेळातला हात थेट झाडाच्या शेंड्याला पोचतो. शून्यावर ठेवली की तुमचा हात जेवढा, तेवढाच खेळातला. नवख्या माणसाला ती नेहमी दहावर बसवायची. पहिल्याच दिवशी हरलेला माणूस चष्मा कपाटात कोंबतो आणि आठवडा संपायच्या आत परत करतो, हे तिने पुष्कळदा पाहिलं होतं. मग दर फेरीला पट्टी एक घर खाली. गिऱ्हाइकाला कळतही नसे की आता आपण आपल्याच जोरावर खेळतोय.

दादालाही तिने असंच दहावर बसवलं.

दादा म्हणजे तिचा थोरला भाऊ, कपड्यांच्या कारखान्यात कटिंग मास्तर. आई-वडील पाठोपाठ गेले तेव्हा ती शाळेत होती आणि तो एकोणीस वर्षांचा. तिचा गणवेश त्याने कारखान्यातल्या उरलेल्या तुकड्यांतून बेतला होता, तीन वेगवेगळ्या निळ्या रंगांचा. पहिल्या दिवशी मुलींनी चिडवून हैराण केलं आणि दुसऱ्या दिवशी त्यांच्या आयांनी विचारलं, कोणी शिवला. पुढे साठ-साठ थरांच्या कापडावर खडूची रेघ मारून तो कापायला उभा राहिला की आजूबाजूचे बोलणं थांबवत. तिने लग्न केलं नाही. दादा, वहिनी आणि ती, असं तिघांचं घर. दादा त्यावर कधी बोलला नाही, आणि दुसऱ्या कोणाला बोलूही दिलं नाही.

त्याच्या मेंदूला झटका आला तो सकाळी, चहा पिताना. कप सुटला, उजवी बाजू गेली. महिन्याभरात पाय परत आला, जीभ परत आली, हात आला नाही. डॉक्टर म्हणाले, "पहिले सहा महिने महत्त्वाचे. त्यात जेवढं परत मिळवाल तेवढं तुमचं." व्यायाम करून घ्यायला एक बाई दिवसाआड येऊ लागल्या. फार दुखायचं. दादा त्यांच्यावर खेकसायचा, "हात आहे की पिळायचं फडकं?" बाई शांतपणे म्हणायच्या, "दुखलं तरच येईल, मास्तर." आणि पुन्हा खांदा धरून फिरवायला लागायच्या.

दुसऱ्या महिन्यात तिने दुकानातला एक चष्मा मालकांना विचारून घरी आणला. खेळ संत्र्यांच्या झाडाचा होता. संत्रं तोडायचं, टोपलीत टाकायचं, बस्स. मूठ त्याच्या लुळ्या पंजाला बांधायला पट्टा हवा होता. तो दादाने स्वतः डाव्या हाताने कापला, वेडावाकडा, आणि वहिनीने शिवला. दादाने खांदा उचलला. बाहेर हात जेमतेम मांडीवरून सुटला, पण आत, झाडाखाली, तो हात वर गेला आणि संत्रं हातात आलं. पहिल्या दिवशी अकरा. डब्याखालून पाणी ओघळायला लागलं तेव्हा ती म्हणाली, "दादा, भिंगं खराब होतील," आणि स्वतः स्वयंपाकघरात जाऊन रडून आली.

दादाने रोज स्वतःच खेळ सुरू करावा, कुलपाचे आकडे लक्षात ठेवायची कटकट नको, म्हणून तिने त्याला चष्म्यातल्या पाहुण्याच्या, बिनकुलपाच्या खात्यात बसवलं. तिचं स्वतःचं खातं वेगळं होतं, दुकानाचं. दर दुसऱ्या रविवारी ती चष्मा चढवायची, पट्टी एक घर खाली आणायची आणि वहीत लिहायची. मदत नऊ, संत्री चौदा. मदत आठ, संत्री एकोणीस. पट्टी उतरत होती आणि संत्री चढत होती. मदत दोन, संत्री त्रेचाळीस, इथवर ती वही आली. ती वही उशाशी ठेवून ती झोपायची.

वहिनीने एकदा विचारलं होतं. चौथा महिना असेल. "अगं, झाडावरून एवढी संत्री काढतात, मग साधा पेला का उचलत नाहीत?" तेव्हा हिने तिला समजावून सांगितलं की जोर आधी खांद्यात येतो, मग कोपरात, मग बोटांत, आधी खेळात दिसतं, मग ताटात दिसेल. कुठून आणलं हे शास्त्र, तिचं तिला माहीत. वहिनीकडे वही नव्हती. त्याच आठवड्यात दादाने व्यायामाच्या बाईंना सांगितलं, आता येऊ नका, घरीच छान चाललंय. बाईंनी हिच्याकडे पाहिलं, आणि हिने मोठ्या विश्वासाने वही उघडून दाखवली.

कारखान्याचे मालक भला माणूस. दादाचं टेबल त्यांनी सहा महिने रिकामं ठेवलं होतं. आता त्यांनी निरोप धाडला, सोमवारी या, एकच थर, एकच शर्ट बेतून दाखवा, खडूची रेघ सरळ आली तरी पुरे. तसं झालं तर टेबल मास्तरांचं, नाहीतर दुसरा माणूस ठरलेला होता. दादाने घरभर सांगितलं, शेजारी सांगितलं, भाजीवालीलासुद्धा सांगितलं.

आदल्या दिवशी, रविवारी दुपारी, दादाने हाक मारली. "चष्मेवाली, जरा बघ गं. झाड जमिनीत बुडालंय."

असं होतं कधीकधी. माणसाची उंची चुकीची धरली जाते. तिने चष्मा चढवला, स्वतःच्या खात्यात पाहिलं, तर झाड जागच्या जागी उभं. म्हणजे दोष पाहुण्याच्या खात्यात होता. त्या खात्यातून तिने पहिल्यांदाच पट्ट्यांचं पान उघडलं. उंची दुरुस्त केली. खाली 'मदत' होती. दहा.

तिला आधी वाटलं, आपण वाचायला चुकलो. मग लक्षात आलं. प्रत्येक खात्याची पट्टी वेगळी असते. ती इतके रविवार पट्टी खाली आणत होती ती स्वतःच्या खात्यात, जिथे कोणी खेळतच नव्हतं. ही चूक तिने गिऱ्हाइकांच्या घरी निदान वीस वेळा पकडली होती आणि त्यांना वर ऐकवलं होतं, "आपण कुठल्या खात्यात आहोत ते बघावं माणसाने." दादा पहिल्या दिवसापासून दहावर खेळत होता. संत्री वाढली ती खेळ अंगवळणी पडला म्हणून. हात होता तिथेच होता. आणि व्यायामाच्या बाई यायच्या बंद होऊन दोन महिने होत आले होते.

तिने पट्टी दोनवर आणली. का, ते तिलाही सांगता आलं नसतं. कुठेतरी आशा असावी. चष्मा दादाला बांधला. दादाने खांदा उचलला, पुन्हा उचलला, कपाळावर घाम आला. चष्म्यातलं चित्र समोरच्या टीव्हीवरही उमटत होतं. त्यात तिला त्याचा खेळातला हात दिसत होता, गुडघ्याशी लोंबकळत. झाड वर होतं.

"बिघडलं गं हे," दादा म्हणाला.

"दादा, मशीन बरोबर आहे."

तो डब्याखाली हसला. "झालं, बोलली चष्मेवाली! मग खोलीत बघ ना." त्याने चष्मा कपाळावर सरकवला, उठला, डाव्या हाताने पडदा ओढला, कपाटाच्या आरशावर टॉवेल टाकला, आणि पुन्हा येऊन बसला. "हं. आता बघ."

"खोलीतही काही नाही, दादा."

"मग?"

तिने सांगितलं. सरळ सांगितलं, एवढं तिच्या पदरात टाकायला हवं. "पट्टी माझ्या खात्यात उतरत होती. तुझ्या खात्यात ती दहावरच राहिली. पहिल्यापासून. ती संत्री मशीन तोडत होतं."

दादाने सगळं नीट ऐकून घेतलं. "म्हणजे सेटिंगची चूक."

"हो."

"मग नीट कर की. त्यात रडण्यासारखं काय आहे, वेडाबाई? उद्या जायचंय मला."

तिचं धैर्य तिथे संपलं. तिने पट्टी पुन्हा दहावर नेली. दादाने चव्वेचाळीस संत्री तोडली, आदल्या सगळ्यांपेक्षा एक जास्त, आणि म्हणाला, "बघ. तुझ्या हाताला गुण आहे."

वहिनी दारात उभी होती, इस्त्री केलेला शर्ट हातावर घेऊन. तिने सगळं ऐकलं होतं. नंतर स्वयंपाकघरात ती एवढंच म्हणाली, "मी विचारलं होतं तुला."

"बाईंना परत बोलावू, वहिनी. उद्याच बोलावू."

"सहा महिने मंगळवारी भरतात," वहिनी म्हणाली आणि शर्ट हँगरला लावायला गेली.

सोमवारी दोघं भावंडं कारखान्यात गेली. वहिनी आली नाही. शिलाईची यंत्रं एकेक करून थांबली. सगळ्यांना मास्तरांना बघायचं होतं. टेबल पुसून ठेवलेलं होतं, त्यावर पांढऱ्या कापडाचा एक थर, चारी कोपऱ्यांना वजनं, मध्ये निळा खडू. मालक स्वतः खुर्ची घेऊन बाजूला बसले. दादाने डाव्या हाताने खडू उचलून उजव्या बोटांत ठेवला, बोटं दाबून मिटवली, आणि खांदा उचलला.

खडू पडला. कोणीतरी चटकन उचलून दिला. तो पुन्हा पडला. तिसऱ्या वेळी तो बोटांत राहिला, पण हात टेबलाच्या कडेवर चढेना. दादाची मान वाकडी झाली, जबडा आवळला, इस्त्रीचा शर्ट पाठीला चिकटला. ती भिंतीशी उभी होती. जमीन दुभंगावी आणि आपल्याला पोटात घ्यावं, असं तिला खरोखर वाटलं.

दादाने दम घेतला. त्याने एकदा टेबलाकडे पाहिलं, एकदा वर पाहिलं. टेबलाच्या वर लांब ट्यूब पेटलेली होती, आणि उजवीकडच्या मोठ्या खिडकीतून लख्ख ऊन येत होतं. त्याचा चेहरा एकदम मोकळा झाला, कोडं सुटल्यासारखा.

"चष्मेवाली," तो भरल्या कारखान्यात म्हणाला, "अगं, उजेड जास्त आहे इथे. म्हणून होतंय हे. सांग की यांना."

मालकांना काही उमजलं नाही. त्यांनी तिच्याकडे पाहिलं, सगळ्यांनीच पाहिलं. दादाही पाहत होता, अगदी निवांत, ती काय ते दुरुस्त करेल या खात्रीने.

तिने होकाराची मान हलवली. मालक उठले आणि त्यांनी टेबलावरची ट्यूब बंद केली, मग खिडकीशी जाऊन पडदा ओढायला लागले.