हळदीतली खुर्ची

मी सगळ्यात जास्त ऋणी आहे तो माझ्या धाकट्या मावशीचा. आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिला, आणि माझी फी भरली ती तिने. ती पनवेलजवळच्या एका बारमध्ये नाचायची. घरात सगळ्यांना ठाऊक होतं. बाहेर आम्ही ‘हॉटेलात कामाला आहे’ एवढंच सांगायचो.

आमच्याकडे हळदीला बायका नाचतात. बँजो लागला की सासवा, सुना, आज्या, सगळ्याच. न नाचणारीलाच नावं ठेवतात. माझ्या हळदीला मावशी नवी हिरवी साडी नेसून नागावला आमच्या घरी आली. मी तिला मागच्या वाडीत नेलं आणि म्हणालो, “मावशी, आज नाचू नकोस. पनवेलचे पाहुणे आलेत. कोणी ओळखलं तर?”

“जो ओळखंल, तो सांगंल का कुठं बघितली ते?” ती हसली. मी हसलो नाही. मग म्हणाली, “बरं. न्हाय नाचत.”

मांडवाच्या कडेला खुर्ची घेऊन ती नाचणाऱ्या बायकांची पोरं सांभाळत बसली. शेजारची काकू तिला ओढायला आली. “ऊठ गो! एवढी नटून आलीस नि बसलीस काय? नाचाला येत न्हाय का?”

“न्हाय गो बाय, मला कुठं येतंय!”

सगळ्या हसल्या. मांडीवरच्या पोराला ती थोपटत होती, बँजोच्या ठेक्यावर, एकही ठेका न चुकवता. मी पाटावर हळद लावून घेत ते बघत होतो.

आता बहिणीचं लग्न ठरलं आहे. आमंत्रणाचा फोन केला तर मावशी म्हणाली, “मी येऊन काय करू रे? पोरं सांभाळायला दुसरी मिळंल कोणी.” पत्रिका पाठवतो म्हणून मी फोन ठेवला. पत्रिकेसोबत हे पत्र पाठवलं:

“मावशीस साष्टांग नमस्कार.

तू फोनवर बोललीस ते मला लागलं, आणि लागायलाच हवं होतं. तुझ्या नाचण्यावर मी शिकलो आणि शिकून तुझीच लाज धरली. बायकोला मी काल सगळं सांगितलं. ती म्हणाली, ‘इतकी वर्षं मलाही हॉटेलच सांगितलंत?’ यापुढे कोणी विचारलं तर मी खरं तेच सांगेन. पण तुला ते नको असेल तर तसं कळव.

तू नाच किंवा नाचू नकोस, तुझी मर्जी. पण हळदीला ये. पोरं मी सांभाळतो.”