साइडबोर्डाला आलेले फुगे

दीनानाथराव खांबेट्यांना मधुमेह नव्हता, रक्तदाब नव्हता. त्यांना अंबादास होता. दोघं साताऱ्याचे. एकाच वर्षी दिल्लीला आले, एकाच मंत्रालयात लागले. पुढे अंबादास दोन पायऱ्या वर चढला आणि मयूर विहारच्या सोसायटीत कोपऱ्यावरचा, दोन बाल्कन्यांचा फ्लॅटही त्यालाच लागला. तोही सोडतीत! सोडतीत वशिला चालत नाही, हे दीनानाथरावांना तीस वर्षांत पटलेलं नाही.

निवृत्तीनंतर तरी हा माणूस स्वस्थ बसेल की नाही? त्यानं घरच्या जुन्या कपाटावर स्वतःच्या हातानं व्हिनिअर लावलं, सागाचा कागदासारखा पातळ पापुद्रा. प्रभाताई ते बघून आल्या आणि आठवडाभर त्यांचं एकच पालुपद. “काय हात आहे हो भावजींचा! अगदी अख्ख्या सागाचं वाटतं कपाट.” छत्तीस वर्षांच्या संसारात ही बाई आपल्या हाताबद्दल कधी काही बोलली होती का, हे दीनानाथरावांनी आठवून पाहिलं. नव्हती बोलली. ते फार जिव्हारी लागलं त्यांच्या.

शनिवारी घरी चैत्रगौरीचं हळदीकुंकू होतं. गौर मांडायची हॉलमधल्या साइडबोर्डावर, आणि त्याचा सनमायका पार विटलेला.

“त्यावर मी व्हिनिअर लावतो,” दीनानाथरावांनी जाहीर केलं.

“अहो, भावजींना एकदा विचारून घ्या ना.”

“बिल्कुल नाही! त्याला काय विचारायचंय?”

गुरुवारी त्यांनी कीर्तिनगरहून व्हिनिअर आणलं, साइडबोर्ड घासून काढला, दोन्हीकडे पिवळा गोंद फासला. गोंद हाताला चिकटेनासा झाला की मगच चिकटवायचं, एवढं त्यांना ठाऊक होतं. बाहेर बेचाळीस डिग्री. तरी लवकर वाळावा म्हणून त्यांनी खिडकीतल्या कूलरमध्ये काठोकाठ पाणी भरलं, तो पूर्ण वेगात सोडला आणि साइडबोर्ड ओढून नेमका त्याच्या झोतासमोर आणला. तासाभरानं व्हिनिअर दाबून बसवलं. संध्याकाळी प्रभाताईंनी वरून तळवा फिरवला. “अय्या, खरंच की! सगळ्यांना सांगणार मी, यांनी केलं म्हणून.” दीनानाथराव त्या दिवशी दोन पोळ्या जास्त जेवले.

शनिवारी दुपारी वीसेक बायका जमल्या. प्रभाताई पन्ह्याचा ट्रे घेऊन आल्या, आता सांगणारच, तेवढ्यात कुमुदमावशींनी वाटी ठेवताना साइडबोर्डावर हात टेकला. खालून पोकळ आवाज आला. मावशींनी आरास जरा बाजूला केली. व्हिनिअर तळलेल्या पापडासारखं जागोजागी फुगलं होतं.

“अगबाई! हे कुणी केलं गं?”

दीनानाथराव स्वयंपाकघराच्या दारात उभे होते. उचलली जीभ, लावली टाळ्याला. “अंबादासनं,” ते म्हणाले. “हौसेनं करून दिलं बिचाऱ्यानं. आता काय बोलणार!”

प्रभाताईंचा ट्रे हातातच राहिला. अंबादासची बायको हेमलता समोरच बसली होती. डाळीचा घास तोंडात तसाच धरून ती दीनानाथरावांकडे बघू लागली. आणि तिला न्यायला आलेला अंबादास बाहेर दाराशी चपला काढत होता. त्यानं सगळं ऐकलं होतं.

तो आत आला. एका फुग्यावर त्यानं बोट दाबून पाहिलं, मग शेजारच्या कूलरकडे पाहिलं.

“चुकलंच माझं, वहिनी,” तो म्हणाला. “दमट हवेत हा गोंद धरत नाही. कूलर बंद ठेवायला हवा होता मी. उद्या येतो. फुग्यांना बारीक चीर देऊन वरून गरम इस्त्री फिरवली की बसेल. दीना, तू पण थांब यार मदतीला.”

बायका हसल्या आणि बोलणं पुन्हा आंब्याच्या डाळीकडे वळलं. प्रभाताईंनी ट्रेमधला पहिला पेला अंबादासच्या हातात दिला. नवऱ्याकडे त्यांनी बघितलंही नाही.

दीनानाथरावांना लाज वाटायला हवी होती. थोडी वाटलीही. पण त्यांच्या पोटात दुखलं ते वेगळ्याच गोष्टीनं: या माणसाला खोटं बोलणंसुद्धा आपल्यापेक्षा चांगलं जमतं.