तीन पाण्यांनी धुतलेली माकुलं

जपानला मला कारखान्याने धाडलं ते मशीन शिकायला. पण सहा महिन्यांत मी मन लावून शिकलो असेन, तर ते स्क्विड, म्हणजे आपलं माकूल, भाजायला. सोया सॉस, किसलेलं आलं, थोडी साखर. त्यात तासभर मुरवायचं आणि निखाऱ्यांवर दोन-तीन मिनिटं, बस्स. आम्ही रत्नागिरीकडचे, माकूल काही मला नवं नव्हतं. पण हे प्रकरण वेगळंच होतं. परत येताना बॅगेतले कपडे कमी केले आणि सॉसची बाटली घातली.

तेव्हा आई जाऊन सात महिने झाले होते. बाबा गावी आणखी एकटे राहिले असते तर उपाशीच मेले असते, म्हणून त्यांना जबरदस्तीने बंगळूरला, माझ्या जे. पी. नगरच्या घरी आणलं. इथेही तेच. चपातीचा तुकडा मोडायचे आणि "पुरे" म्हणायचे. डबा बदलला, वरणभात करून बघितला, काही चालेना. सदरा खांद्यांवरून लोंबायला लागला तेव्हा मी धसकलो. म्हटलं, जन्मभर मासळीवर वाढलेला माणूस, माकूल भाजून समोर ठेवलं तर कसा खाणार नाही? अगदी हट्टालाच पेटलो.

पण बंगळूरात माकूल मिळायला नको? दोन रविवार शिवाजीनगरच्या बाजारातून हात हलवत परत आलो. "नाळे बन्नी," मासेवाला म्हणे. उद्या या! अरे बाबा, उद्या मी बोम्मसंद्र्याच्या कारखान्यात मशीनपुढे उभा असणार, इथे कसा येऊ? तिसऱ्या रविवारी एकदाची अर्धा किलो मिळाली, तीही हॉटेलवाल्यांनी निवडून उरलेली. घरी आणून साफ केली, सुरीने बारीक चिरा पाडल्या, बाटली उपडी करून सॉसचा थेंबन् थेंब वाडग्यात झटकला. बाबा बाल्कनीत पेपर धरून बसले होते. वाचत होते असं नाही.

निखाऱ्यांसाठी कोपऱ्यावरच्या इस्त्रीवाल्याकडे गेलो. त्याची इस्त्रीच उशिरा पेटलेली. "स्वल्प थांबा सार, स्वल्प," करत त्याने तासभर तिष्ठत ठेवलं. शेवटी घमेल्यात निखारे घेऊन, बोटं पोळून घेत जिना चढलो.

ओट्याशी बाबा उभे होते. माझा वाडगा धुवून पालथा घातलेला. ताटात माकुलं, पांढरीशुभ्र.

"किती रे शाई ठेवली होतीस!" बाबा म्हणाले. "तीन पाण्यांनी धुतली तेव्हा कुठे पाणी नितळ आलं. साफ करायला काही शिकला नाहीस तू."

माकुलाच्या पोटात काळी शाई असते आणि ती पुरती धुतल्याशिवाय आमच्याकडे कोणी ते चुलीवर चढवत नाही. वाडग्यातलं काळं पाणी बघून त्यांना दुसरं काय वाटणार? हे आज कळतं. तेव्हा माझं डोकंच फिरलं.

"अहो, शाई कसली! सॉस होता तो, जपानहून आणलेला! संपला सगळा! कोणी सांगितली होती तुम्हाला ही नसती लुडबुड? स्वतः खायचं नाही ते नाही, वर दुसऱ्याने केलेलं ओतून द्यायचं! बसा ना गप बाल्कनीत!"

ते हात पुसत राहिले. मग म्हणाले, "सांगितलं कोणी नाही. तुझी आई चिरायची, फोडणीला टाकायची. धुवायचं काम माझ्याकडे असायचं. आज ओट्यावर दिसली, म्हणून उठलो."

आणि आत जाऊन त्यांनी दार लोटून घेतलं.

मला स्वतःचाच असा संताप आला! आई गेल्यापासून हा माणूस पहिल्यांदा आपण होऊन स्वयंपाकघरात आला होता. निखाऱ्यांवर तोवर राख धरली होती. हळद, तिखट, मीठ चोळून माकुलं तव्यावर टाकली, तर माझं लक्ष त्या दाराकडे. गरजेपेक्षा जास्त शिजली आणि रबरासारखी चिवट झाली. तशीच ताटात वाढली आणि दाराशी जाऊन उभा राहिलो.

"बाबा, चुकलं माझं. चला, जेवून घ्या."

"तू जेव," आतून आवाज आला. "माझं झालंय."

सकाळपासून त्यांनी नुसता चहा घेतला होता.