मामांचा अरब

आईचा थोरला भाऊ बॅरिस्टर व्हायला म्हणून बोटीनं लंडनला गेला आणि तिथं नट झाला. त्या काळच्या इंग्रजी सिनेमांत मामा कधी दरवान असायचे, कधी खलाशी, कधी गारुडी. दोन वाक्यं बोलायची आणि हीरोचा ठोसा खाऊन पडायचं, एवढंच काम. नाशिकच्या घरी मात्र हे कुणी बोलत नसे. ‘विलायतेत सिनेमात आहे,’ एवढंच. कतारला नोकरीला आल्यावर मीही ऑफिसात तेवढंच सांगायची, जरा मान ताठ करून.

गेल्या हिवाळ्यात माझे कतारी साहेब बायकोला घेऊन आमच्या लुसैलच्या घरी चहाला आले. बोलता बोलता म्हणाले, “तुमच्या मामांचा सिनेमा दाखवा ना.” मी स्वतः एकही पाहिला नव्हता. लेकीनं मोबाइलवर शोधून एक टीव्हीवर लावला.

स्टुडिओतलं वाळवंट. पुठ्ठ्याची खजुराची झाडं. तंबूतून मामा बाहेर आले. तोंडाला काळा रंग, चिकटवलेली दाढी, डोक्याला फडकं. गुलाम पोरी विकणारा अरब. एका पोरीचा दंड धरून तिचे दात दाखवत होते आणि हीरो दिसताच त्याच्या बुटांवर डोकं घासत होते.

साहेबांच्या बाईंनी चहाचा कप खाली ठेवला. मला टीव्ही बंद करायचा होता, पण रिमोट लेकीच्या हातात होता आणि तिच्याकडे हात पुढे करायचंही मला सुचेना.

मग मामा डोळे वटारून हीरोवर ओरडू लागले. साहेब पुढे सरकून ऐकू लागले.

“हे अरबी नाही,” ते म्हणाले. “काय बोलतायत?”

मी ऐकलं आणि शब्द ओळखले. लेक मात्र खो खो हसत सुटली. “आई, ही इज आस्किंग फॉर कढी!”

खरंच. खंजीर उगारून मामा शुद्ध मराठीत गरजत होते, “अगं, भात किती वाढलास! कढी कुठाय? कढी आण आधी!”

मी खाली बघत अर्थ सांगितला. साहेब हसले नाहीत. बाईंनी हळूच विचारलं, “तिथं त्यांच्या घरी कोण होतं?”

“कुणी नाही. लग्न केलं नाही त्यांनी.”

निघताना दारात मी माफी मागितली. साहेब म्हणाले, “लिहिणारा दुसरा कुणी असेल. पण करणारे तेच ना?” आवाज चढवला नाही. ‘शुक्रन’ म्हणून चहाचे आभार मानले आणि लिफ्टकडे गेले.

त्यांच्यासमोर मला मामांची लाज वाटली होती. दार लावल्यावर त्या लाजेचीच लाज वाटू लागली. कॅमेऱ्यासमोर दुसऱ्यांना शिवी वाटेल असं सोंग घेऊन उभा राहिलेला माणूस, आणि तोंडात आपल्याच घरचं जेवण. त्याला काय म्हणायचं, मला कळेना.

आईला फोन करून सिनेमा पाहिल्याचं सांगितलं. “दादा कसा दिसत होता गं?” तिनं विचारलं.

“छान. सरदार झाले होते.”

“त्याला कोण सरदार करणार!” आई म्हणाली. “एकदाच आला होता घरी. पाहुण्यांनी अभिनय करून दाखव म्हणून गळ घातली. तर हा वाकून सलामच करत राहिला. बाबा उठून आत गेले. मग पुन्हा आलाच नाही.”

फोन ठेवताना म्हणाली, “मला पाठव ना तो सिनेमा.”

पाठवते म्हणाले. त्यानंतर दर शुक्रवारी ती आठवण करते आणि दर शुक्रवारी मी सांगते, इथं नेट फार स्लो आहे. ऑफिसात साहेब पूर्वीसारखेच बोलतात. मामांचा विषय आता आम्ही दोघंही काढत नाही.